मशीनचा ठेका आणि एल्ड्रिचचा खर्ज

लीड्सच्या ‘द सिस्टर्स ऑफ मर्सी’ या बँडचा पहिला सिंगल 1980 साली निघाला, तेव्हा ड्रम्सवर अँड्र्यू एल्ड्रिच होता आणि त्याला ते धड वाजवता येत नव्हते. तोडगा म्हणून ड्रम मशीन आलं, त्याचं ‘डॉक्टर अव्हॅलांच’ असं बारसं झालं आणि एल्ड्रिच गाण्याकडे वळला. पुढे वादक आले नि गेले. हे दोघे तेवढे टिकले. या बँडच्या रेकॉर्ड्सचा चढउतार मशीनला किती मोकळी जागा मिळाली यावरच ठरला, असं माझं मत आहे.

1983चा ‘द रेप्टाइल हाउस’ हा ईपी ऐकावा. लय विलंबित, पण ठेका तसूभरही ढळत नाही. त्यावर बेस घुमतो, गिटार दुरून येते आणि एल्ड्रिचचा खर्जातला आवाज शब्द जवळजवळ पुटपुटत जातो. शेवटी पहिलंच गाणं पुन्हा डोकावतं, म्हणजे सुटका नाहीच! त्याच वर्षीचा ‘टेंपल ऑफ लव्ह’ याच मशीनवर भरधाव पळतो.

1985च्या ‘फर्स्ट अँड लास्ट अँड ऑल्वेज’ या पहिल्या अल्बमची कीर्ती मोठी, पण मला तो गढूळ वाटतो. वेन हसीच्या बारा तारी गिटारने गोडवा आणला, ठेका मात्र मागे दबला. अल्बम निघाला तोवर बँड फुटायला आला होता. हसी आणि बेसवादक क्रेग अ‍ॅडम्स यांनी ‘द सिस्टरहूड’ हे नाव घ्यायचं ठरवलं, तर एल्ड्रिचने त्याच नावाने स्वतःची रेकॉर्ड आधी काढली. त्यांना मग ‘द मिशन’ व्हावं लागलं. खोडसाळपणाच, पण खास एल्ड्रिची.

सोबती गेल्याचा फायदा 1987च्या ‘फ्लडलँड’ला झाला. नवी बेसवादक पॅट्रिशिया मॉरिसन मुखपृष्ठावर आहे. पण आत ऐकू येतात ते मुख्यतः एल्ड्रिच आणि मशीन. ‘धिस करोजन’मध्ये निर्माता जिम स्टाइनमनने अख्खा गायकवृंद उभा केला. अकराएक मिनिटांचा हा डोलारा कोसळत नाही, कारण खाली ठेका पोलादी आहे. असा भपका पेलणारं दुसरं गॉथ गाणं मला तरी सापडलेलं नाही. (एल्ड्रिचला ‘गॉथ’ म्हटलेलं खपत नाही. रंगमंचावर धुराचे लोट सोडणाऱ्याने एवढं तरी सोसावं.)

1990च्या ‘व्हिजन थिंग’मध्ये गिटारींचा गोंगाट वाढला आणि गूढ ओसरलं. 1992 साली गायिका ओफ्रा हाझाला घेऊन ‘टेंपल ऑफ लव्ह’ नव्याने रेकॉर्ड झालं आणि ब्रिटनमध्ये तिसऱ्या क्रमांकावर पोचलं. मग रेकॉर्ड कंपनीशी भांडण झालं आणि तेव्हापासून नवा स्टुडिओ अल्बम नाही. नवी गाणी होतात, पण ती मैफलीपुरतीच.

नव्याने ऐकणाऱ्याने ‘सम गर्ल्स वाँडर बाय मिस्टेक’ हे सुरुवातीच्या गाण्यांचं संकलन आधी घ्यावं, मग ‘फ्लडलँड’. ‘व्हिजन थिंग’ची घाई नको.