‘हनीलँड’ : न कळणाऱ्या भाषेतील संसार

तामारा कोटेव्स्का व ल्युबोमिर स्टेफानोव्ह यांच्या ‘हनीलँड’ (२०१९) या अनुबोधपटाची स्तुती बहुधा निसर्गरक्षणाच्या बोधासाठी झाली. आम्हांस त्याचे सामर्थ्य निराळ्या ठिकाणी दिसते. उत्तर मॅसेडोनियाच्या डोंगरांतील बेकिर्लिया हे ओस पडलेले गाव; तेथे ना रस्ता, ना वीज. पन्नाशी उलटलेली हातिजे मुरातोवा अंथरुणाला खिळलेल्या आईसह तेथे राहते. मायलेकी तुर्की बोलतात, आणि दिग्दर्शकांना तुर्की येत नव्हती! तीन वर्षांत जमलेले सुमारे ४०० तासांचे चित्रण प्रथम दृश्यांच्याच आधारे जुळविले गेले. या अज्ञानानेच चित्रपटाला दृष्टी दिली. अंधाऱ्या खोपटात लेक आईला भरवते, तिच्यावर चिडते, पुन्हा जवळ बसते. शब्द न कळताही त्या स्वरांतील वर्षानुवर्षांची सवय कळते. हीच हातिजे स्कोप्येच्या बाजारात मध विकून केसांसाठी रंग घेते. कोणत्याही निवेदकाला एवढे सांगता आले नसते.

शेजारी हुसेन सात मुले व गुरे घेऊन आल्यावर मात्र मांडणी जरा जास्तच नेटकी होते. अर्धा मध माश्यांसाठी ठेवावा, हा हातिजेचा नेम. व्यापाऱ्याच्या तगाद्यापायी हुसेन तो मोडतो व तिची पोळी नष्ट होतात. त्याला लोभी ठरवून प्रेक्षकाने मोकळे व्हावे, असा मोह येथे आहे. पण डंखांनी कळवळणारी त्याची पोरेही त्याच कॅमेऱ्याने टिपली आहेत. त्यांना पाहिल्यावर निवाडा जड जातो.