रानाचा नियम आणि पडद्यावरचे रान

साहसकथा पडद्यावर येताना बदलणारच; त्याबद्दल आमची तक्रार नाही. तक्रार आहे ती कथेचा प्राण टाकून देऊन तिचे कातडे तेवढे विकण्याबद्दल.

एडगर राइस बरोज यांची टार्झनची पहिली कथा १९१२ साली मासिकातून आणि १९१४ साली पुस्तकरूपाने आली. वानरीने वाढविलेला हा मुलगा मृत आईबापांच्या खोपटातील पुस्तकांवरून, गुरूवाचून, अक्षरे उलगडतो. आणि शेवटी कुलाचा पुरावा हाती असताही जेनसाठी तो लपवितो. आफ्रिकी माणसाविषयीची तुच्छता हा त्या पुस्तकावरील डाग आहे. परंतु विद्येची भूक आणि त्याग यांवरच ती कथा उभी आहे.

आपल्याकडे होमी वाडिया यांनी १९३७ साली 'तूफानी टार्झन' काढला आणि १९५८ साली 'झिंबो'. त्यांत खोली नव्हती. पण जॉन कावस यांच्या कसरतींत सर्कशीचा निर्मळ आनंद होता. १९८५ साली बब्बर सुभाष यांचा 'ॲडव्हेंचर्स ऑफ टार्झन' आला. हेमंत बिर्जे आणि किमी काटकर यांच्या या चित्रपटात रान हे केवळ निमित्त उरले. कॅमेरा झाडांवरून घसरतो आणि नायिकेच्या भिजल्या वस्त्रांवर खिळतो. अक्षरांचा तो एकाकी ध्यास हरवलाच.

'लोकांना हेच हवे असते' हा युक्तिवाद आम्हास मान्य नाही. १९९३ साली दूरदर्शनवर किपलिंगच्या मोगलीची मालिका हिंदीतून लागली, तेव्हा मुलांनी ती डोक्यावर घेतली. १८९४ च्या त्या मूळ पुस्तकात जंगल म्हणजे मोकाटपणा नव्हे. तेथे लांडग्यांनाही कायदा आहे.

गोमंतकीय वाचकास हे नवे नाही. सत्तरीत निरंकाराची राय आहे. देवाच्या नावे राखलेल्या अशा रायीत कोयता चालवायचा नाही, ही पूर्वजांची शिस्त. वाघही आपल्याकडे वाघरो म्हणून पुजला गेला. आपल्या लेखी रान म्हणजे मर्यादा. ज्या चित्रपटांतून मुले रानाला निर्बंध भोगाची जागा समजू लागतात, ते केवळ अभिरुची बिघडवीत नाहीत; रायीवर कोयता चालविणारा हातही तेच सैल करतात.