त्रिमितीय भूमितीची दोन पाठ्यपुस्तके: विल्सन आणि बेल

गणिताच्या पाठ्यपुस्तकाचे परीक्षण बहुधा सिद्धतांची अचूकता आणि उदाहरणांची विपुलता एवढ्यापाशीच थांबते. ते पुस्तक विद्यार्थ्याच्या हाती कोणती भाषा देते, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. येथे भाषा म्हणजे इंग्रजी किंवा मराठी एवढेच अभिप्रेत नाही. चिन्हे, त्यांचे उच्चार, संज्ञा आणि व्याख्या यांची मिळून जी बोली बनते, तीही भाषाच होय. या दृष्टीने दोन ग्रंथ शेजारी ठेवून पाहण्याजोगे आहेत: गिब्ज यांच्या येल विद्यापीठातील व्याख्यानांवरून एडविन बिडवेल विल्सन यांनी सिद्ध केलेले ‘व्हेक्टर अ‍ॅनॅलिसिस’ (1901) आणि रॉबर्ट बेल यांचे त्रिमितीय निर्देशक भूमितीवरील पुस्तक (1910). दोहोंत अंतर अवघ्या नऊ वर्षांचे. पण बेल यांच्या ग्रंथात सदिशांचा वापर नाही. भारतीय विद्यापीठांतून मात्र पिढ्यानुपिढ्या वाचला गेला तो बेल यांचाच ग्रंथ, आणि त्याच धर्तीवरील शांतिनारायण यांचे पुस्तकही.

एकच प्रश्न घेऊ. अवकाशातील दोन रेषा एकमेकींना छेदत नाहीत आणि समांतरही नाहीत. त्यांतील लघुतम अंतर किती? बेल यांच्या पद्धतीने विद्यार्थी प्रत्येक रेषेच्या दिशेसाठी ल, म, न आणि ल′, म′, न′ या तीन-तीन संख्या घेतो, दोन्ही रेषांना लंब असणाऱ्या दिशेसाठी दोन समीकरणे मांडतो, आणि ती सोडवून ‘म न′ − म′ न’ या घाटाची तीन द्विपदे मिळवितो. नंतर त्यांच्या वर्गांच्या बेरजेचे मूळ, नंतर प्रक्षेप, आणि शेवटी उत्तर. विल्सन यांच्या बोलीत हेच असे येते: दोन्ही दिशांचा सदिश गुणाकार करावा, आणि एका रेषेवरील कोणताही बिंदू दुसरीवरील कोणत्याही बिंदूशी जोडून त्या रेषाखंडाचा या गुणाकाराच्या दिशेवर प्रक्षेप घ्यावा. मौज अशी की दोन्हीकडील गणित तेच आहे. बेल यांची तीन द्विपदे म्हणजे सदिश गुणाकाराचे तीन घटकच होत; फक्त तेथे त्यांना नाव नाही. ती पुस्तकात पुनःपुन्हा येतात, प्रत्येक वेळी नव्याने सिद्ध होतात, आणि अनामिकच निघून जातात. शब्दसमूहाचा शब्द होणे ही घटना भाषाशास्त्राला परिचित आहे. विल्सन यांच्या ग्रंथात ती गणितात घडलेली दिसते. नाव मिळाले की त्या वस्तूविषयी प्रश्न विचारता येतात: गुणाकाराचा क्रम उलटला तर काय होते, त्याचे परिमाण कोणते क्षेत्रफळ दर्शविते. अनामिक द्विपदांना असे प्रश्न सुचत नाहीत.

विल्सन त्या वेळी जेमतेम बावीस वर्षांचे होते. गिब्ज यांनी 1881 व 1884 मध्ये विद्यार्थ्यांपुरती छापलेली टिपणवही अत्यंत त्रोटक होती. तीत सदिशांसाठी ग्रीक अक्षरे योजलेली होती. विल्सन यांनी हेविसाइड यांच्या धर्तीवर ठळक अक्षरे स्वीकारली. विशेष लक्षणीय आहे ते त्यांचे उच्चाराविषयीचे भान. उलट्या त्रिकोणाच्या चिन्हाला ‘डेल’ म्हणावे, कारण हा एकाक्षरी उच्चार इतका सुटसुटीत आहे की सूत्रात तो वारंवार आला तरी बोलणाऱ्यास वा ऐकणाऱ्यास अडचण होत नाही, अशा आशयाचे समर्थन त्यांनी ग्रंथातच केले आहे. चिन्ह फळ्यावर लिहिले जाते तसे तोंडानेही बोलले जाते, हे ओळखणारा पाठ्यपुस्तककार विरळा.

ग्रंथाचा दुबळा भाग म्हणजे पहिली व्याख्या. ज्या राशीला परिमाण आणि दिशा दोन्ही असतात ती सदिश राशी, हे वाक्य विल्सन यांच्यापासून आजच्या शालेय पुस्तकांपर्यंत थोड्याफार फरकाने चालत आले आहे, आणि ते अपुरे आहे. टेबलावर आडवे ठेवलेले पुस्तक आधी उभ्या अक्षाभोवती नव्वद अंश फिरवावे, मग डावीकडून उजवीकडे जाणाऱ्या आडव्या अक्षाभोवती तितकेच. नंतर हाच प्रयोग उलट क्रमाने करावा. पुस्तकाच्या अंतिम स्थिती भिन्न येतात. अशा परिभ्रमणाला परिमाण आहे, अक्षाची दिशाही आहे. तरी त्यांच्या बेरजेत क्रम बदलून चालत नाही, म्हणून ते सदिश नव्हे. समांतरभुज चौकोनाच्या नियमाने बेरीज होणे हा अटीचा गाभा आहे, आणि व्याख्येत तोच गळतो. विल्सन लगोलग स्थानांतर हा सदिशाचा नमुना म्हणून पुढे करतात, त्यामुळे त्यांचा वाचक बहुतांशी सावरतो.

मराठी वाचकाला ही सोय संज्ञेतून मिळत नाही. हॅमिल्टन यांनी योजलेला ‘व्हेक्टर’ हा लॅटिन शब्द ‘वाहून नेणारा’ या अर्थाचा. त्याचा धातू संस्कृत ‘वह्’ चा सगोत्र. एका बिंदूपासून दुसऱ्यापर्यंत वाहून नेणे, म्हणजे स्थानांतर, हे त्या शब्दाच्या पोटातच आहे. ‘सदिश’ हा मात्र वर वर्णिलेल्या अपुऱ्या व्याख्येचा संक्षेप आहे, आणि ‘अदिश’ तर केवळ अभावाने ओळख करून देतो. त्यात ‘परिमाण’ या शब्दाची भर: ‘त्रिपरिमाणी’ म्हणताना तो मितीचा वाचक होतो, सदिशाच्या व्याख्येत महत्तेचा. रूढ झालेली संज्ञा बदलण्याची मागणी व्यर्थ आहे. परंतु मराठीत लिहिणाऱ्याने पहिल्याच पानावर बेरजेचा नियम व्याख्येत आणणे आवश्यक ठरते. कारण इंग्रजी वाचकाला शब्द जे थोडेसे साहाय्य करतो, ते येथे शब्दच काढून घेतो.

ग्रंथाची भाषा विषयाला कशी तारते वा मारते याचे उदाहरण ग्रासमान यांचे. सदिशांच्या बीजगणिताहून अधिक व्यापक अशी उपपत्ती त्यांनी 1844 मध्येच प्रसिद्ध केली. पण तत्त्वचिंतनाने जड झालेली ती मांडणी फारशी कोणी वाचली नाही. संस्कृत व ग्रीकमधील महाप्राणांविषयीचा नियम (1863) आणि ऋग्वेदाचा कोश (1873-75) यांमुळे भाषाशास्त्रज्ञांनी मात्र त्यांना लवकर ओळखले.

तथापि बेल यांचा ग्रंथ जुनाट म्हणून बाजूस सारणे अन्यायाचे होईल. रेषा आणि प्रतले संपून विवृत्तज, अपास्तज अशी द्विघाती पृष्ठे सुरू झाली की त्यांची बोली खरी खुलते. एकपत्री अपास्तजावर सरळ रेषांची दोन कुटुंबे संपूर्णपणे पसरलेली असतात, हे समीकरणाचे अवयव पाडताच डोळ्यांसमोर उभे राहते. विल्सन यांनी हीच पृष्ठे सातव्या प्रकरणात ‘डायॅडिक’ नावाच्या यंत्रणेने हाताळली. ती बोली रुळली नाही, तिचे काम पुढे सारणी आणि प्रदिश यांनी घेतले.

आजच्या राष्ट्रीय अभ्यासक्रमाच्या बारावीच्या पुस्तकात रेषेचे सूत्र सदिश आणि कार्तीय अशा दोन्ही रूपांत दिलेले असते. दुभाषी पाटीप्रमाणे दोन्ही मजकूर शेजारी लागतात. एका रूपातून दुसऱ्यात कसे जावे ते विद्यार्थी शिकतो. लघुतम अंतरासाठी कोणते घ्यावे आणि अपास्तजावरील रेषांसाठी कोणते, याविषयी पुस्तक काही बोलत नाही. परीक्षेत तो दोन्ही रूपे लिहून दाखवितो.