नांदुरा: बारा आकड्यांचा इतिहास

शोधगंगेवर जा आणि भूगोल, अर्थशास्त्र किंवा समाजशास्त्रातले असे पाच प्रबंध उघडा, ज्यांच्या शीर्षकात एखाद्या तालुक्याचं नाव आहे. दुसरं किंवा तिसरं प्रकरण बहुतेक वेळा एकच निघेल: ‘अभ्यासक्षेत्राची ओळख’. अक्षांश-रेखांश, पर्जन्यमान, नदी, माती, मग ‘ऐतिहासिक पार्श्वभूमी’ म्हणून दीड पान आणि शेवटी लोकसंख्येचा तक्ता. तुम्ही पेटची तयारी करत असाल किंवा सिनॉप्सिस लिहायला बसला असाल, तर हे प्रकरण तुम्हालाही लिहायचंच आहे. गाइड विचारणारच, ‘ओळख कुठंय?’ ते गाळा असं मी सुचवत नाहीये. पण त्यातला तो तक्ता आपण ज्या निष्काळजीपणाने उतरवतो, त्याबद्दल मला तक्रार आहे. आणि थोडी तक्रार तक्ता बनवणाऱ्यांबद्दलही.

उदाहरण म्हणून बुलडाणा जिल्ह्यातलं नांदुरा घेऊ. मलकापूर आणि शेगावच्या मधलं, मुंबई-नागपूर रेल्वेमार्गावरचं तालुक्याचं गाव. हायवेने गेला असाल तर १०५ फुटी हनुमानाच्या मूर्तीमुळे लक्षात असेल. जनगणनेच्या जिल्हा पुस्तिकेत शहरांच्या विभागाचं पहिलंच विवरणपत्र असतं, त्याचं नाव ‘दर्जा आणि वाढीचा इतिहास’. उघडून बघितलंत तर त्यात काय असतं? गावाचं नाव, नगरपालिका की आणखी काही हे सांगणारी खूण, आणि १९०१ पासून २०११ पर्यंतचे बारा आकडे. झाला इतिहास! नांदुऱ्याच्या रांगेत सहा-सात हजारांपासून सुरुवात होते आणि शेवटाला आकडा कित्येक पटींनी मोठा झालेला दिसतो. आपण खाली एक ओळ लिहितो: ‘यावरून शहराचा विकास झाल्याचे दिसून येते.’ माझं भांडण या ओळीशी आहे.

पहिला आकडाच घ्या. १९०१ची मोजणी १ मार्चच्या रात्री झाली. १९३१ पर्यंत आपल्याकडे जनगणना अशीच, एका ठरावीक रात्रीत व्हायची. त्या रात्री जो जिथे सापडला, तो तिथला. स्टेशनच्या गावात धर्मशाळेत उतरलेला, सरकी-कापसाच्या गाड्या घेऊन आलेला, कामासाठी तात्पुरता थांबलेला, सगळे त्या गावचे धरले गेले. त्यात १८९९-१९०० चा दुष्काळ नुकताच होऊन गेलेला. वऱ्हाडची लोकसंख्या १८९१ मध्ये सुमारे २९ लाख होती, ती १९०१ मध्ये साडेसत्तावीस लाखांवर आली. म्हणजे तुमच्या तक्त्याचा पायाच एका खचलेल्या वर्षात घातलेला आहे. ‘शंभर वर्षांत इतके टक्के वाढ’ असं लिहिताना आपण दुष्काळाच्या तळापासून मोजतोय, हे किमान तळटीपेत तरी यायला हवं.

एका रात्रीचा आकडा किती फसवू शकतो, यासाठी नागपूरचं उदाहरण पुरेसं आहे. १९०१ मध्ये १ लाख २७ हजार, १९११ मध्ये १ लाख १ हजार. पुन्हा १९२१ मध्ये १ लाख ४५ हजार. तक्ता वाचून कुणी ‘नागपूरचा ऱ्हास आणि पुनरुत्थान’ असा निबंध लिहील. प्रत्यक्षात मोजणीच्या वेळी प्लेग होता आणि लोक शहर सोडून बाहेर राहायला गेले होते. नागपूर मोठं शहर, त्यामुळे त्याचा खुलासा सगळीकडे छापला गेला. लहान गावांचे असे चढउतार तक्त्यात खुलाशाविनाच उभे असतात. म्हणून नांदुऱ्याच्या रांगेत १९११ आणि १९२१ च्या आकड्यांवर थांबा. १९१८ च्या इन्फ्लुएंझाने मध्य प्रांत आणि वऱ्हाडात देशातल्या सर्वांत भीषण मृत्युसंख्यांपैकी एक नोंदवली गेली. दहा वर्षांचे जन्म, मृत्यू, आलेले, गेलेले या सगळ्यांची वजाबाकी होऊन एकच आकडा उरतो, आणि त्या आकड्यात साथ दिसत नाही.

आता हद्दीचा घोळ. १९०५ मध्ये वऱ्हाडातल्या जिल्ह्यांची फेररचना झाली आणि खामगाव व जळगाव हे तालुके अकोल्यातून काढून बुलडाण्यात घातले गेले. तेव्हा १९०१ चा ‘बुलडाणा जिल्हा’ आणि १९११ चा ‘बुलडाणा जिल्हा’ ही एकच वस्तू नाही. खामगाव म्हणजे कापसाची मोठी पेठ. तिच्यासाठी जलंबपासून खास रेल्वेफाटा टाकला गेला आणि १८७० मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड मेयो तिथे आले होते. अशी पेठ आत आली की जिल्ह्याचं सगळं चित्र बदलतं. पुढच्या जनगणनांनी मागचे आकडे नव्या हद्दीप्रमाणे जुळवून दिलेत, पण जुळवलेला आकडा आणि त्या वेळी छापलेला आकडा दोन्ही ग्रंथालयात शेजारी शेजारी असतात, आणि विद्यार्थी एक रकाना इथून, एक तिथून उचलतो. नांदुरा स्वतः तेव्हा मलकापूर तालुक्यात होतं. आज ते तालुक्याचं ठिकाण आहे. ‘नांदुरा तालुक्याची १९०१ ची लोकसंख्या’ असा मथळा दिसला, तर ती कुणी, कशी जुळवली हे विचारल्याशिवाय पुढे जाऊ नका.

इथपर्यंत झालं आकड्यांचं. पण ‘ऐतिहासिक पार्श्वभूमी’चं दीड पान कुठून येतं? बहुतेक गॅझेटियरमधून. आणि इथे मला नांदुऱ्याच्या शेजारी कोकण किनाऱ्यावरची गावं ठेवून बघायची आहेत, कारण तुलनेशिवाय गॅझेटियरची खोड लक्षात येत नाही. वेंगुर्ला, मालवण, राजापूर ही आकाराने नांदुऱ्याच्याच जातकुळीतली, नगरपालिका असलेली छोटी गावं. त्यांच्या नोंदी वाचा. वेंगुर्ल्यात डचांची वखार, राजापुरात इंग्रजांची वखार आणि १६६१ ची शिवाजी महाराजांची स्वारी, मालवणसमोर १६६४ ला सुरू झालेलं सिंधुदुर्गाचं बांधकाम. पानंच्या पानं मजकूर. वऱ्हाडातल्या स्टेशनच्या गावांची नोंद मात्र साच्यातली: रेल्वे, अंतर, लोकसंख्या, बाजार, कापूस.

याचा अर्थ नांदुऱ्याला इतिहास कमी होता असा होत नाही. जहाज आलं की कागद तयार होतो. वखारीचा हिशेब, कप्तानाची रोजनिशी, जकातीची वही. परदेशी कंपन्यांनी ते कागद जपले, म्हणून किनाऱ्याला इतिहास मिळाला. पूर्णेच्या खोऱ्यातल्या काळ्या मातीत कापूस पिकवणाऱ्याचा कागद सारादप्तरापलीकडे गेला नाही. मग गॅझेटियरकाराने इतिहासाच्या जागी लोकसंख्या ठेवली. आपण ती नोंद उतरवतो तेव्हा दप्तरातली ही असमानताही उतरवून घेतो आणि तिला ‘या गावाला विशेष इतिहास नाही’ असं नाव देतो. (एका छापील पुस्तिकेत एका तालुक्याच्या गावाबद्दल जवळपास याच शब्दांत वाक्य होतं. कोणतं गाव ते सांगत नाही, तिथले वाचक इथेही आहेत.)

आता कोकणातल्या गावांचे बारा आकडे बघा, म्हणजे ‘वाढ म्हणजे विकास’ या ओळीचं काय होतं ते दिसेल. वेंगुर्ला १९०१ मध्ये एकोणीस हजारांच्या आसपास होतं, २०११ मध्ये साधारण बारा हजारांवर आलं. मालवण शंभर वर्षांत जवळपास जागच्या जागी. घाटमाथ्याचा माल रेल्वेने मुरगावकडे वळला, तसं वेंगुर्ला बंदर मागे पडलं. आणि माणसं मुंबईला गेली, आधी गिरण्यांत, नंतर सगळीकडेच. जिल्ह्यांची गोष्टही तीच. २००१ ते २०११ मध्ये बुलडाणा जिल्हा २२ लाख ३२ हजारांवरून २५ लाख ८६ हजारांवर गेला. त्याच दहा वर्षांत रत्नागिरी १६ लाख ९७ हजारांवरून १६ लाख १५ हजारांवर उतरला आणि सिंधुदुर्गही घटला. रत्नागिरीत हजार पुरुषांमागे ११२० हून जास्त स्त्रिया, बुलडाण्यात ९३० च्या आसपास. रत्नागिरीचा हा आकडा बघून ‘स्त्रियांची स्थिती चांगली’ असं लिहिणारे प्रबंध आहेत. पुरुष मुंबईत मोजले गेले, एवढंच त्या आकड्याचं म्हणणं आहे. फेब्रुवारीत मोजणी, चाकरमानी येणार गणपतीत नाहीतर मे महिन्यात. मग ते गाव त्यांचं नाही का? पैसा तर त्यांचाच येत होता. वेंगुर्ल्याचं घटणं आणि नांदुऱ्याचं वाढणं हे दोन्ही समजायला आधी विचारावं लागतं की त्या रात्री, त्या महिन्यात कोण कुठे होतं.

‘शहर’ या शब्दाचंही बघा. नगरपालिका असेल तर ते गाव जनगणनेत आपोआप शहर. नगरपालिका नसेल तर तीन कसोट्या: किमान ५००० वस्ती, चौरस किलोमीटरला ४०० ची घनता आणि मुख्य काम करणाऱ्या पुरुषांपैकी ७५ टक्के शेतीबाहेर. पुरुषांपैकी! बाई जिनिंगमध्ये कापूस निवडते की शेतात वेचते, याने गावाचा दर्जा बदलत नाही. २०११ मध्ये देशात ७९३५ शहरं मोजली गेली, त्यांतली ३८९४ या कसोट्यांवर ‘शहर’ झालेली, बाकीची नगरपालिका वगैरे असल्यामुळे. दोन्ही प्रकार एका तक्त्यात एकाखाली एक बसतात आणि आपण त्यांची सरासरी काढतो.

हे सगळं शब्दच्छल वाटत असेल तर एक व्यवहाराची गोष्ट. महाराष्ट्रात नगरपालिकेचा वर्ग लोकसंख्येवर ठरतो: एक लाखाच्या वर ‘अ’, चाळीस हजारांच्या वर ‘ब’, त्याखाली ‘क’. या रेषेच्या अलीकडे-पलीकडे असणाऱ्या गावाला आकडा किती महागात पडतो ते नगरपालिकेतल्या कुठल्याही लिपिकाला विचारा. २०२१ ची जनगणना झालीच नाही. पुढची १ मार्च २०२७ हा संदर्भ दिनांक धरून जाहीर झालीय. म्हणजे गेली कित्येक वर्षं पाणी, घरं, सदस्यसंख्या या सगळ्याचा हिशेब २०११ च्या माणसांवर चाललाय.

आणि नांदुऱ्यात २०२७ चा आकडा आणखी एका कारणासाठी जपून वाचावा लागेल. तालुक्यात पूर्णेवर जिगाव प्रकल्प होतोय. त्याच्या बुडीत क्षेत्रात या आणि आजूबाजूच्या तालुक्यांतली कितीतरी गावं येतात. त्यांतली काही नव्या गावठाणात बसतील, काही माणसं मोबदल्याच्या पैशातून नांदुऱ्यात, मलकापुरात, खामगावात प्लॉट घेतील. बुडालेल्या गावाची ओळ ग्राम निर्देशिकेतून जाईल आणि शहराच्या ओळीत आकडा फुगेल. पुढे २०३५ मध्ये कुणी विद्यार्थी हे दोन तक्ते समोर ठेवेल आणि लिहील, ‘नांदुरा तालुक्यात नागरीकरणाचा वेग वाढल्याचे दिसून येते.’ विस्थापन त्या वाक्यात कुठेच नसेल. तुमच्यापैकी कुणाला विषय सापडत नसेल तर हा घ्या. मोजणीच्या आधी त्या गावांत जा, घरागणिक यादी करा, कोण कुठे जाणार आहे ते लिहून ठेवा. हे काम २०२७ नंतर करता येणार नाही.

मग तक्त्याच्या जोडीला काय वापरायचं? जनगणनेच्या जुन्या प्रांतिक अहवालांतला मजकूर वाचा, फक्त तक्ते नको. १९०१ ते १९३१ चे अधीक्षक बऱ्यापैकी प्रामाणिक होते. मोजणी कुठे फसली, कुठे साथ होती, कुठे जत्रा होती हे त्यांनी लिहिलंय. माझ्या मते आजच्या पुस्तिकांपेक्षा ते अहवाल या बाबतीत सरस आहेत, फक्त जातींबद्दलची त्यांची बडबड बाजूला ठेवायची. शहरांच्या वाढीच्या तक्त्याखालच्या तळटीपा झेरॉक्समध्ये कापल्या जातात, त्या मूळ प्रतीतून घ्या. हद्दवाढ कधी झाली ते तिथेच कळतं. नगरपालिकेची घरपट्टीची आकारणी, शाळांची दाखल-खारीज रजिस्टरं, जन्म-मृत्यूच्या नोंदी बघा. नगरपालिकेची हद्द कुठे थांबते आणि घरं कुठे थांबतात, हे एकदा नकाशावर ठेवून बघा.

आणि आपल्याकडे, विदर्भात, कोतवाल बुक आहे. जातपडताळणीसाठी लोक तहसीलच्या चकरा मारतात ते हेच. गावातल्या जन्ममृत्यूची नोंद कोतवाल ठेवायचा. जिथे ही पुस्तकं टिकलीत, तिथे १९१८ चा हिवाळा महिन्या-महिन्याने वाचता येतो, आणि दशकाच्या आकड्यात जे विरघळलं ते नावानिशी समोर येतं. नावं प्रबंधात छापायची नसतात, मोजायची असतात, एवढं लक्षात ठेवा. अर्ज करताना गावाच्या नावापुढे त्या काळचा तालुका लिहा: मौजे अमुक, तालुका मलकापूर. आणि खुर्द की बुद्रुक ते आधी नक्की करा, नाहीतर भलत्याच गावाची पानं हातात पडतील.