निदान आणि निवेदन : ‘फेसेस इन द वॉटर’चा पुनर्विचार

न्यूझीलंडच्या लेखिका जॅनेट फ्रेम यांची ‘फेसेस इन द वॉटर’ ही कादंबरी १९६१ साली प्रसिद्ध झाली. तिचा विचार बहुधा लेखिकेच्या चरित्राच्या आधारे केला जातो. १९४५ मध्ये फ्रेम यांना छिन्नमनस्कतेचे निदान चिकटले. पुढील सुमारे आठ वर्षांचा बराच काळ मनोरुग्णालयांत गेला. २०० हून अधिक वेळा विजेचे झटके सोसावे लागले. मेंदूवरील शस्त्रक्रियाही ठरली होती. परंतु ‘द लगून’ या कथासंग्रहास पारितोषिक मिळाले आणि ती टळली. पुढे लंडनच्या मॉड्स्ली रुग्णालयात, हा विकार त्यांना कधी नव्हताच, असा निर्वाळा मिळाला.

या हकिकतीवरून काढला जाणारा निष्कर्ष मात्र तपासून घ्यावयास हवा. निरोगी स्त्रीस वेडी ठरविले, एवढाच जर अन्याय असेल, तर ज्यांचे निदान अचूक होते त्यांची तीच अवहेलना न्याय्य ठरते. पारितोषिकाने फ्रेम वाचल्या. ज्यांच्यापाशी प्रतिभेचे प्रमाणपत्र नव्हते त्यांचे काय, हा प्रश्न तसाच राहतो.

कादंबरी स्वतः ही पळवाट पत्करीत नाही. ग्रंथारंभीच, निवेदिका इस्टिना मावेट हीसुद्धा कोणा जिवंत व्यक्तीचे चित्र नव्हे, असे लेखिकेने नमूद केले आहे. इस्टिना स्वतःच्या निरोगीपणाचा दावा मांडीत बसत नाही. ती सहरुग्णांच्या पंक्तीतूनच बोलते. ज्यांना सकाळचा नाश्ता नाकारला जातो त्यांच्यावर त्या दिवशी झटक्यांची पाळी आहे, हे त्या पंक्तीत सर्वांनाच उमगते. आणि रुग्णालयाची सारी सत्ता या एका तपशिलातून प्रकट होते. क्वचित प्रतिमांचा ओघ अनावर होतो आणि भोवतालच्या स्त्रिया व्यक्ती न राहता केवळ प्रतिमा उरतात, हा दोष मान्य करावा लागेल. तथापि त्यामुळे तिच्या साक्षीचे मोल उणावत नाही.

अखेरीस एक परिचारिका इस्टिनाला पाहिलेले सारे विसरून जाण्यास सांगते. ही आज्ञा आपण पाळली आहे ना, असे इस्टिना वाचकालाच विचारते. आणि हा प्रश्न येतो तो सारे काही लिहून झाल्यावर. सामाजिक कलंक रुग्णाकडून मौन मागतो; ही कादंबरी ते मौन नाकारते. अशा लेखनाकडे केवळ रोगलक्षण म्हणून पाहणारी समीक्षा नकळत त्या परिचारिकेचीच आज्ञा पुन्हा उच्चारीत असते.