पोहण्याच्या पोशाखाआड राहिलेली नटी

आजच्या प्रेक्षकाला जुना मराठी चित्रपट भेटतो तो मोबाइलच्या पडद्यावर, आणि तोही एखाद्या गाण्यापुरता. नटी मीनाक्षी शिरोडकर बहुतेकांना अशाच ठाऊक आहेत: १९३८ चा चित्रपट ‘ब्रह्मचारी’, त्यातल्या गाण्यातला पोहण्याचा पोशाख, त्यावरून उठलेला गदारोळ. पुढचं कुणी विचारत नाही. मराठी चित्रसमीक्षेतली ही मोठी उणीव आहे असं मला वाटतं.

तो प्रसंग पोशाख विसरून पाहावा. आचार्य अत्र्यांच्या कथेतला नायक औदुंबर ब्रह्मचर्याचं भाषण ऐकून भारावतो, नट्यांची चित्रं फेकून देतो, व्यायामाला लागतो. मीनाक्षीबाईंची किशोरी त्याच्या या निश्चयाला नुसत्या खेळकरपणाने सुरुंग लावते. पुढाकार तिचा, भांबावणं औदुंबर झालेल्या मास्टर विनायकांचं. मीनाक्षीबाई गातातही स्वतःच. त्यांच्या गळ्यातला हलकेपणा आणि चेहऱ्यावरचा मिश्कीलपणा एकाच ओघात येतो. विनोदातलं टायमिंग म्हणतात ते याहून वेगळं काय असतं? पण त्याचं श्रेय आपण अत्रे-विनायकांना देऊन टाकलं आणि बाईंच्या वाट्याला फक्त धाडस ठेवलं.

पाचच वर्षांनी, १९४३ च्या ‘माझे बाळ’मध्ये, त्याच मीनाक्षीबाई कुमारी माता झाल्या. किशोरीचा तोरा उतरवून लोकनिंदा सोसणारी आई उभी करणं ही मोठी झेप होती. चित्रपटाची चर्चा मात्र लहानग्या लता मंगेशकर त्यात दिसतात एवढ्यावरच थांबते.

नट्यांवर आपण लिहिलं नाही असं नाही. हंसा वाडकरांचं आत्मचरित्र ‘सांगत्ये ऐका’ आलं, त्यावरून १९७७ मध्ये श्याम बेनेगलांनी ‘भूमिका’ हा चित्रपट केला. शांता हुबळीकरांनीही आत्मचरित्र लिहिलं. पण त्यांतून आपण उचललं ते त्यांचं सोसणं. ‘माणूस’ चित्रपटातली मैना हुबळीकरांनी कशी पेलली, यावर किती लिहिलं गेलं? मीनाक्षीबाईंच्या पोशाखासारखीच पोर्तुगालमध्ये नटी बेआत्रिज कोश्ता यांच्या कपाळावरच्या झुलपांची ख्याती झाली. १९३३ च्या ‘लिस्बनचं गाणं’ या चित्रपटातल्या त्यांच्या कामाआधी लोकांना आठवतात ती झुलपं. पडद्यावरच्या बाईचं काम पाहण्याआधी तिचं रूप पाहायचं, ही खोड सगळीकडचीच.

आपल्याकडे मूळ फिती टिकवण्याचीही हेळसांड झाली. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं तोवर बोलपटाची तीन दशकं उलटली होती, आणि २००३ च्या आगीत नायट्रेटवरच्या कित्येक जुन्या फिती जळाल्या. म्हणून जे उरलंय त्याकडे तरी जाणतेपणाने बघायला हवं. चित्रपट मंडळांनी ‘ब्रह्मचारी’ अख्खा दाखवावा, त्यातलं गाणं तेवढं नव्हे, आणि चर्चा किशोरीच्या संवादफेकीपासून सुरू करावी.