अख्खं गाणं

केळीच्या बागेवरून उडणारा ड्रोन आता मला बघवत नाही. खानदेशाच्या संस्कृतीवरची कुठलीही नवी चित्रफीत लावा, सुरुवात ठरलेली. वरून रावेर-यावलकडची हिरवीगार केळी, मग तापी, मग सातपुड्याची निळी रांग, मग भरीत, आणि पाठीमागे पावरी. पावरी वाजवणारा मात्र कुठे दिसत नाही, कारण तो नसतोच. की-बोर्डात त्याचा सूर भरून ठेवलेला असतो. चार मिनिटांत कानबाई, आखाजी, भुलाबाई, डोंगऱ्यादेव असे सगळे सण-उत्सव उरकतात. कानबाईच्या गाण्याला त्यात दहा-बारा सेकंद मिळाले तर नशीब. ज्या गाण्यांना रात्र पुरत नाही त्यांची ही बोळवण बघून गेल्या श्रावणापासून माझं डोकं फिरलंय. हा लेख त्या फिरलेल्या डोक्यानं लिहिलाय. समतोल वगैरे हवा असेल त्यांनी दुसरीकडे बघावं.

आधी मालेगावचं मिटवू, कारण अलीकडे तेच गाजलं. नकाशावर ते नाशिक जिल्ह्यात, पण १८६९मध्ये नाशिक जिल्हा जुळवला गेला तोवर ते खानदेशातच होतं, आणि धुळेकराला ते अजूनही परगाव वाटत नाही. रीमा कागती यांचा ‘सुपरबॉईज ऑफ मालेगाव’ २०२५च्या फेब्रुवारीत लागला. सिनेमा मनापासून केलेला आहे, आदर्श गौरव आणि शशांक अरोरा जीव ओतून कामं करतात, रडू यायच्या जागी रडू येतं. पण सगळं गाव मुंबईच्या सुरात वाजतं. सचिन-जिगर यांचं संगीत प्रत्येक दुःखाच्या आधी दोन पावलं तिथं पोहोचलेलं असतं.

गावातच स्वतःचे सिनेमे करणाऱ्या याच माणसांवरचा फैजा अहमद खान यांचा ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ हा २००८चा माहितीपट पुन्हा काढून पाहा. दिग्दर्शक नासिर शेखला क्रेन परवडत नाही, तर बैलगाडीच क्रेन होते; ट्रॉली नाही, तर सायकल ढकलली जाते. ट्रकच्या अंगाला हिरवं कापड ताणून त्यापुढे सुपरमॅन झालेल्या काटकुळ्या शफीकला ‘उडवतात’. मधेच कॅमेरा पाण्यात पडतो, मधेच सुपरमॅनचं लग्न निघतं. हा सुपरमॅन एरवी यंत्रमागावर काम करणारा. जेमतेम तासाभराच्या या चित्रपटात मागांची खडखड आहे, उर्दूचा मालेगावी हेल आहे, रात्रपाळीनंतरचा थकवा आहे. गावाचं संगीत म्हणजे केवळ गाणी नव्हेत हे त्या बाईंना कुणी शिकवावं लागलं नाही. त्या ऐकत बसल्या, एवढंच.

बाहेरून चढवलेल्या सुराशी असलेलं हे भांडण फक्त आपलं नाही. रिओ दि जानेरोनं ते कधीचंच भोगलंय. मार्सेल काम्यू या फ्रेंच दिग्दर्शकानं तिथल्या डोंगरावरच्या झोपडपट्टीत, कार्निव्हलच्या दिवसांत ‘ब्लॅक ऑर्फियस’ घडवला. १९५९मध्ये कान महोत्सवाचा सर्वोच्च मान, पाठोपाठ ऑस्कर. जोबिम आणि बोन्फा यांची त्यातली गाणी जगभर गेली, आणि गोष्ट मात्र रंगीत पोस्टकार्डासारखी: गरिबी देखणी, माणसं अखंड नाचणारी. ब्राझीलच्या चित्रपटकारांना तो झोंबला, आणि रास्तच झोंबला. कारण त्याच्या दोन वर्षं आधी, १९५७मध्ये, नेल्सन परेरा दोस सांतोस यांनी ‘रिओ, झोना नोर्ते’ केला होता. त्यात ग्रांदे ओतेलोनं सांबा रचणाऱ्या एका गरीब माणसाचं काम केलंय. चित्रपट सुरू होतो तेव्हा तो लोकल गाडीतून पडून रुळांजवळ विव्हळत असतो. त्याची गाणी दुसऱ्यांच्या नावावर खपलेली असतात. एका प्रसंगात अँजेला मारिया ही खरोखरची नामांकित गायिका त्याचं गाणं ऐकते आणि स्वतःच गाऊ लागते. त्या वेळचा ओतेलोचा चेहरा पाहा. आपलं गाणं मोठ्या गळ्यातून आल्याचा आनंद आहे, आणि ते आता आपलं राहील का याची धाकधूकही. या एका प्रसंगासाठी मी ‘ऑर्फियस’ची सगळी रंगपंचमी सोडायला तयार आहे.

आणि लिऑन हिर्शमन यांचा ‘पार्तिदो आल्तो’. अर्ध्या तासाहून लहान. चित्रण १९७६चं, पूर्ण झाला १९८२मध्ये. कांदेया हा थोर सांबागायक चाकाच्या खुर्चीत बसून पार्तिदो आल्तो या सांबाच्या प्रकाराची रीत समजावतो, मग परसात मैफल जमते, खाणंपिणं चालू असतं, एकजण ओळ टाकतो, दुसरा जागच्या जागी जोडतो. कॅमेरा हातात धरलेला, गर्दीत घुसलेला, अधूनमधून कुणाच्या तरी खांद्याआड जाणारा. तो गाणं तोडत नाही. सारी कला त्यात आली.

आपल्याकडे रूढ झाली ती काम्यूची वाट. आता शिव्या पडतील, पडू द्या: ‘जैत रे जैत’ हा मराठीचा ‘ब्लॅक ऑर्फियस’ आहे. १९७७चा जब्बार पटेलांचा चित्रपट, मूळ कादंबरी गो. नी. दांडेकरांची, संगीत हृदयनाथांचं, शब्द ना. धों. महानोरांचे. महानोर पळसखेड्याचे, म्हणजे आमच्या उंबऱ्यावरचे; स्मिता पाटीलचं मूळ शिरपूरकडचं. अभिमान आम्हालाही आहे, गाणी आम्हालाही पाठ आहेत. पण लिंगोबाच्या डोंगरावरच्या ठाकरांचा आवाज त्यात किती, हे आपण कधी विचारलं? एका थोर कवीनं आणि एका थोर संगीतकारानं ठाकरांसाठी गाणी केली, आणि ती इतकी सुंदर झाली की ठाकर स्वतः काय गातात हे जाणून घ्यायची गरजच कुणाला उरली नाही. सुंदर गाण्यांनी केलेला हा अन्याय आहे आणि म्हणून तो कुणाला दिसत नाही.

बहिणाबाईंचंही तेच झालं. आसोद्याची ही बाई जात्यावर, शेतात गात होती. मुलामुळे, सोपानदेवांमुळे, शब्द कागदावर आले, ती १९५१मध्ये गेली आणि १९५२मध्ये अत्र्यांच्या प्रस्तावनेसह पुस्तक निघालं. नंतर ‘मानिनी’नं त्या कविता पडद्यावर नेल्या. तिथं त्या स्टुडिओतल्या वाद्यमेळात, कमावलेल्या गळ्यातून आल्या. शब्द वाचले. पण जात्याच्या फेऱ्यावर ओळ कुठे लांबते, श्वास कुठे तुटतो, पीठ पुढं सारताना गाणं कुठे थांबतं, ते पुस्तकात छापता येत नाही. ते फक्त चित्रफितीत राहतं. लेवा गणबोलीतल्या त्या रचना आज शाळेच्या स्नेहसंमेलनात पेटी-तबल्यावर म्हटल्या जातात आणि आपण टाळ्या वाजवतो.

खानदेशाशी नातं असलेल्या बाकीच्या चित्रफितींचं लवकर उरकतो. ‘उदाहरणार्थ नेमाडे’ कादंबरीकार नेमाड्यांविषयी आहे, त्यांच्या सांगवीविषयी नव्हे, तक्रार नाही. यूट्यूबवरच्या ‘छोटू दादा’चे विनोद कोट्यवधी लोक बघतात, बघोत. पर्यटनाच्या जाहिराती म्हणजे ड्रोनच, त्यांचं झालं बोलून. उरतात माहितीपटकार आनंद पटवर्धन. सिमंतिनी धुरू आणि त्यांनी केलेल्या ‘अ नर्मदा डायरी’त (१९९५) तेव्हाच्या धुळे जिल्ह्यातल्या, आता नंदुरबारमध्ये गेलेल्या नर्मदाकाठच्या गावांची होळी आहे. धरणाचं पाणी चढत असताना नाचणाऱ्या माणसांकडे बघताना ‘लोकनृत्य’ हा शब्द तोंडात येत नाही. ‘जय भीम कॉम्रेड’साठी तर त्यांनी चौदा वर्षं घालवली आणि शाहीर विलास घोगरेंच्या गाण्यामागची वस्ती, दारिद्र्य, राजकारण, सगळं गाण्यासोबत ठेवलं. पण ती मुंबईची गोष्ट. धुळ्या-जळगावच्या वाट्याला असा माणूस आला नाही.

आमच्या वाट्याला आली ती यूट्यूबवरची अहिराणी गाणी. ‘हाई झुमका वाली पोर’ किंवा ‘केसावर फुगे’ ऐकलं नाही असं लग्न आता महाराष्ट्रात सापडणार नाही. नाक मुरडणाऱ्या पंडितांत मी नाही. ज्या बोलीत बोलल्याबद्दल वर्गात पोरांना हसायचे, त्या बोलीवर पुण्यातल्या हळदी नाचतायत, हे काही थोडं नव्हे. पण ही गाणी चित्रित कशी होतात पाहा. आमचीच पोरं आमच्याच गावात पाहुण्यासारखी कॅमेरा फिरवतात. पोरगी मेकअप करून शेतात, पोऱ्या गॉगल लावून बुलेटवर, मागे एका रंगाच्या साड्यांतल्या आठ मुली. काम्यूला फ्रान्सहून यावं लागलं होतं. आम्ही घरबसल्या परके झालो.

आता मला आवडलेला चित्रपट सांगतो. त्याला नाव नाही, दिग्दर्शक नाही. शिंदखेडा तालुक्यातल्या एका घरातली कानबाईची रात्र, फोनवर घेतलेली, चाळीस मिनिटांची, व्हॉट्सअॅपवर फिरत फिरत माझ्यापर्यंत आलेली. फोन बहुधा डब्याला टेकवून ठेवलाय, कारण चौकट तिरकी आहे आणि डाव्या बाजूला अर्धं दार आडवं येतं. चौरंगावर नारळाची कानबाई, नथ घातलेली, दागिन्यांनी मढलेली. एक म्हातारी ओळ सुरू करते, बाकीच्या उचलतात. पाचव्या-सहाव्या मिनिटाला दिवा फडफडतो म्हणून कुणीतरी पंखा बंद करतं, आणि त्यानंतर आवाज एकदम स्वच्छ होतो. तोवर पंख्याच्या घरघरीत अर्धे शब्द हरवत होते. मग बायकांच्या कपाळावर घाम दिसायला लागतो. मधेच एक सून पुढची ओळ टाकते. म्हातारी हात वर करून थांबवते, “तसं नही वं माय, पहिले कन्हेरराजा येस.” दोघी-तिघी वाद घालतात. सून सुरतेची, उधन्यात वाढलेली. तिच्या माहेरच्या बायका हा भाग नंतर घेतात. शेवटी म्हातारीचं खरं होतं, पण पुढच्या कडव्याला चाल मात्र सुनेची लागते, आणि म्हातारीही तीच धरते. आतून कुणीतरी रोटाच्या पिठाचं विचारतं, गाणं न थांबवता उत्तर जातं.

कापड गिरण्यांपायी सुरतेला गेलेला खानदेश, तिथं बदललेली चाल, ती परत आणणारी सून, आणि क्रम कुणी ठरवायचा याची सत्ता, हा सगळा समाजशास्त्राचा ग्रंथ त्या चाळीस मिनिटांत आहे. आणि तो सापडला त्याचं एकमेव कारण म्हणजे फोन लावून ठेवणारा पोरगा जेवायला गेला असावा. त्यानं कापाकापी केली असती तर सर्वांत आधी तो वाद कापला असता.

माझे चित्रपटवाले मित्र म्हणतात, चाळीस मिनिटं कोण बसणार? हा प्रश्न विचारणाऱ्यांनी खानदेशात एक रात्र काढलेली नसते. वहीगायनाला पहाटेपर्यंत माणसं बसतात. तगतरावाच्या गाड्याभोवती उभी राहतात. आखाजीला पत्त्यांच्या डावावर पुरुष किती तास बसतात हे तर पोलिसांना विचारा. बसायची सवय प्रेक्षकाला आहे. उठायची घाई दिग्दर्शकाला आहे. त्याला महोत्सवात पंधरा मिनिटांची चौकट भरायची असते किंवा फोनवर तीस सेकंदांत बोट थांबवायचं असतं. हे व्यवसायाचं गणित आहे, मान्य. मग त्याला ‘संस्कृतीचं जतन’ म्हणू नका.

आणि नाव. ‘पारंपरिक’ असा शिक्का मारला की गाणारीचं नाव द्यावं लागत नाही, पैसेही द्यावे लागत नाहीत. तीच चाल दोन की-बोर्ड आणि एक ऑक्टोपॅड लावून बाजारात आली की खाली संगीतकार उगवतो. झोना नोर्तेतला तो सांबावाला आमच्या गल्लीगल्लीत आहे, फरक इतकाच की आमच्याकडे बहुतेकदा ती बाई असते आणि तिला गाडीतून पडायचीही सोय नाही, कारण ती घरातून बाहेरच पडलेली नसते. सरकारी रंगमंचावरच्या लोककला महोत्सवात तिला आणलंच तर दहा मिनिटं, एकसारखी साडी, आणि मधे बोलणारा निवेदक. असल्या महोत्सवाची चित्रफीत म्हणजे निवेदकाची चित्रफीत.

पैसा नाही असंही सांगतात. धुळ्यानं हे ऐकून घेऊ नये. १९२६च्या अखेरीस इतिहासकार राजवाडे याच शहरात वारले आणि पुढच्याच वर्षी इथल्या लोकांनी त्यांच्या कागदांसाठी राजवाडे संशोधन मंडळ उभं केलं. दप्तरं, बखरी, पोथ्या सांभाळल्या. कागदासाठी जे केलं ते आवाजासाठी करायला आज एक खोली, काही हार्ड डिस्क आणि नोंदी ठेवणारी दोन माणसं लागतात. जळगावच्या विद्यापीठानं २०१८मध्ये बहिणाबाईंचं नाव घेतलं. त्या नावाचं ऋण पदवीदान समारंभातल्या ओळींनी फिटत नाही. प्रत्येक तालुक्यातल्या पाच जुन्या गाणाऱ्या, त्यांच्या घरात, त्यांच्या कामात, त्यांच्या वेळेनं, न कापता चित्रित करणं हा पीएच.डी.चा विषय व्हायला कुणाची हरकत आहे? दर वर्षी त्यांतल्या काही जणी जातात. त्यांच्याबरोबर कन्हेरराजा आधी येतो की नंतर, हा वादही जातो.

संस्था हलतील तेव्हा हलोत. नागपंचमीनंतरच्या रविवारी तुमच्या भाऊबंदांत कानबाई बसेल. फोन पूर्ण चार्ज करा, घरातल्या बायकांना विचारा, त्या हो म्हणाल्या तरच लावा. आडवा ठेवा, पंखा बंद करा, गाणारीचं नाव, गाव, माहेर लिहून घ्या. शेवटची बाई उठेपर्यंत बटणाला हात लावू नका, आणि नंतर त्यावर पावरीचा सूर चढवू नका. चित्रफीत मला नाही पाठवलीत तरी चालेल. राजवाडे मंडळाच्या दारात नेऊन द्या आणि पोच मागा.